सातवा प्रश्न

६ ऑक्टोबर, सोमवार

संपादकांनी बोलावलं. हा माणूस साधं बोलतच नाही, "चहा घेणार का?" हेसुद्धा राष्ट्राला उद्देशून विचारतो. म्हणून कचेरीत त्यांना सगळे 'अग्रलेख' म्हणतात.

"अकरा वर्षांनी आपला संघ पलीकडच्यांशी भिडतोय," अग्रलेख म्हणाले. "पंचवीस तारखेला, आपल्या मैदानावर. इतिहास आपल्याकडे बघतोय."

"मैत्रीपूर्ण सामना आहे, साहेब."

"म्हणूनच म्हणतो, धार हवी. सामन्याआधीचे लेख तुम्ही लिहा."

दोन देशांनी मैत्रीपूर्ण सामना ठरवला की सर्वांत आधी पोलिसांच्या रजा रद्द होतात. मागच्या मैत्रीपूर्ण सामन्यात पंचाहत्तराव्या मिनिटाला खुर्च्या उडाल्या, मग राजदूत उडाले, आणि शेवटी सीमेवरचं फाटक लागलं ते आजवर. अधिकृत निकाल १-१.

माझी बायको पलीकडची. हे मी कचेरीत लपवत नाही. लपवून उपयोग नाही. आपला संघ हरला की दुसऱ्या दिवशी मला कुणी चहाला बोलवत नाही.

७ ऑक्टोबर, मंगळवार

संध्याकाळी घरात शिरलो तर मागच्या खोलीतले माझे जुन्या अंकांचे गठ्ठे दारात रचलेले. वीस वर्षांची साहित्यसेवा सुतळीने बांधलेली.

"हे काय?"

"बाबा येतायत," ही म्हणाली. हातात झाडू, केसांत जळमट, आणि चेहरा असा, की मला क्षणभर ओळख पटेना. बऱ्याच वर्षांत पाहिला नव्हता तो.

पलीकडच्या चार हजार लोकांना प्रेक्षक म्हणून पास मिळणार आहेत. तीन दिवसांचे. सीमेपासून बसने यायचं, उतरण्याचा पत्ता द्यायचा, सामना बघायचा, परत जायचं. माझ्या सासऱ्यांनी अर्ज केला आणि पास मिळाला. वय एकोणऐंशी. पेशा शिंप्याचा. आयुष्यात एक सामना पाहिलेला नाही.

"फुटबॉल बघायला येतायत होय?" मी म्हटलं.

"त्यांना कुठल्याही कारणाने सोडलं असतं तरी आले असते. कुत्र्यांचं प्रदर्शन असतं तर कुत्रा घेऊन आले असते."

हिची आई गेली तेव्हा हिला जाता आलं नव्हतं. फाटक बंद होतं. त्या दिवशी ही नेहमीसारखी दुकानात गेली, नऊ जणांची नजर तपासून नऊ चष्म्यांचे नंबर काढून घरी आली. त्याबद्दल आम्ही बोललेलो नाही. मी विचारणार होतो.

१० ऑक्टोबर, शुक्रवार

पहिला लेख लिहितोय. संघांचं झालं: आपला डावा बचावपटू गुडघ्यामुळे बाहेर, त्यांचा गोलरक्षक उंच पण खाली वाकायला आळशी, आमनेसामने तेवीस सामने, आपण आठ जिंकले, त्यांनी नऊ, बाकीचे पंचांनी. हे सगळं कुणीही लिहील. धार कुठाय?

दुपारी धार सापडली. प्रेक्षक! लिहिलं:

"पलीकडून येणाऱ्या चार हजार 'फुटबॉलप्रेमीं'पैकी निम्म्यांना चेंडू गोल असतो एवढंच ठाऊक आहे, आणि तेही ऐकीव. कुणी मावशीकडे जेवायला येतंय, कुणी चपला घ्यायला. एक गृहस्थ तर पेशाने शिंपी. गोलची जाळी पाहून ते शेजाऱ्याला विचारतील, ही शिवण कुणी उसवली हो?"

स्वतःच हसलो. मग हिला वाचून दाखवलं. माझं सगळं पहिल्यांदा हीच ऐकते.

ही हसली नाही. म्हणाली, "ते काढ."

"अगं, नाव कुठे घेतलंय?"

"नाव नाही घेतलंस, माप घेतलंस. काढ ते. सगळा परिच्छेदच काढ."

काढतो म्हटलं. शिसपेन्सिलीने आडवी रेघ मारली, तिच्यासमोर.

११ ऑक्टोबर, शनिवार

तो परिच्छेद काढला की लेखाचा जीवच जातो. उरतो तो गुडघा.

दुपारी चार वाजता रेघ खोडरबराने पुसली. हे इथे लिहून ठेवतो, कारण दुसरीकडे कुठे लिहिणार नाही. पेन्सिल वापरली होती, हेही ध्यानात घेण्यासारखं आहे. नक्की काढायचंच असतं तर पेन हाताशी होतं.

१२ ऑक्टोबर, रविवार

लेख गाजला. अग्रलेखांचा सकाळीच फोन: "जनतेच्या मनातलं बोललात!" कोपऱ्यावरचा न्हावी दाढी करताना शिंप्याचा विनोद मलाच ऐकवत होता, आणि माझ्यापेक्षा चांगला ऐकवत होता.

हिला म्हटलं, "संपादकांनी ठेवला तो भाग. मी काढला होता."

"बरं," ही म्हणाली. अंक घडी करून गठ्ठ्यावर ठेवला आणि गाठ मारली.

सासऱ्यांशी माझी ओळख त्यांच्या दुकानातच झाली. तरुण होतो, पलीकडे सामना बघायला गेलो होतो, आणि लोखंडी कठड्यावरून उडी मारताना पँट फाटली. नको तिथे. मी पडद्यामागे चड्डीवर उभा आणि ते मशीनवर. मधेच म्हणाले, "कुठल्या संघाचे?" मी सांगितलं. म्हणाले, "असू दे. फाटलेलं सगळ्यांचं सारखंच शिवायचं असतं." पैसे घेतले नाहीत. पडद्याच्या फटीतून चहाचा कप ज्या हाताने आत आला तो हिचा.

त्यांना विनोद कळतो. ते मनाला लावून घेणार नाहीत.

१५ ऑक्टोबर, बुधवार

फुटबॉल मंडळाच्या चिटणिसांचा कचेरीत फोन. आवाज लोण्यात घोळलेला.

"तुमच्या लेखाने आमचे डोळे उघडले हो. वरपर्यंत वाचला गेला."

"वर म्हणजे?"

"वर म्हणजे वर. तर एक विनंती. तीस प्रश्न काढून द्याल? नियमांवर. असे, की दर्दी प्रेक्षक कोण आणि हौशी कोण ते चटकन कळलं पाहिजे. उत्तरांसकट. तुमच्याशिवाय कोण काढणार?"

सामन्याची पुस्तिका काढणार असतील. प्रश्नमंजूषा, पहिलं बक्षीस सह्या केलेला चेंडू, वगैरे. मी विचारलं नाही. 'तुमच्याशिवाय कोण' म्हटल्यावर माणूस पुढचं विचारत नाही, हा माझ्याच एका जुन्या लेखातला सिद्धान्त आहे.

१६ ऑक्टोबर, गुरुवार

आश्चर्य घडलं. सकाळी चहा घेताना हिने विचारलं, "ऑफसाइड म्हणजे काय रे?"

लग्नाला वीस वर्षं झाली. वीस वर्षांत हिने मला फुटबॉलबद्दल एकच प्रश्न विचारला होता: "आज किती वाजता संपेल?"

मीठदाणी म्हणजे गोलरक्षक, साखरेचा डबा म्हणजे बचावपटू, बिस्किट म्हणजे आक्रमक, असं टेबलावर मांडून दाखवलं. हिने दुकानातल्या नंबर लिहायच्या कागदावर चक्क टिपून घेतलं. "थांब, 'चेंडू मारला त्या क्षणी' म्हणालास ना? मिळाला त्या क्षणी नव्हे?"

हुशार आहे. उगाच चष्म्यांत गेली.

कौतुकाची भूक कुणाला नसते? लेखावरून बाहेर एवढी वाहवा झाली, तिला वाटलं असेल, आपल्याच नवऱ्याचं क्षेत्र आपल्याला कळत नाही हे बरं नाही. रविवारचा रुसवा गेला म्हणायचा.

१८ ऑक्टोबर, शनिवार

रोज प्रश्न चालू आहेत. पेनल्टी कुठून, पिवळं कार्ड कशाला, बदली खेळाडू किती. काल दुकानातून येताच बाल्कनीत फोन घेऊन बसली, आणि दाराआडून ऐकलं तर कुणाला तरी "साखरेचा डबा मीठदाणीच्या पुढे" असं समजावत होती. मैत्रीण असणार. नवऱ्याच्या ज्ञानाची फुशारकी मारत असेल. मी दबक्या पावलांनी मागे फिरलो. अशा वेळी माणसाने नम्र असावं.

आज मी जेवायला बसलो होतो आणि गुडघेवाल्याच्या जागी कोण, याचा फोन येणार होता. ही म्हणाली, "थ्रो-इन थेट गोलमध्ये गेला तर?"

"गोल नाही. गोल-किक," मी म्हटलं.

"नेहमी?"

फोन वाजला. "हो, हो, गोल-किक," मी म्हटलं आणि उठलो.

१९ ऑक्टोबर, रविवार

तीस प्रश्न पूर्ण. चिटणिसांचा शिपाई येऊन घेऊन गेला. पहिले सहा सोपे ठेवले, माणूस गाफील राहावा म्हणून. सातवा माझा लाडका:

"थ्रो-इन करणाऱ्याने चेंडू चुकून थेट स्वतःच्याच गोलमध्ये टाकला, तर पंच काय देतील?"

शंभरातले नव्वद जण झोकात 'गोल-किक' म्हणतील. परपक्षाच्या गोलमध्ये गेला तर गोल-किक. स्वतःच्यात गेला तर कॉर्नर. असा प्रश्न काढायला जन्म जावा लागतो. खाली कंसात लिहिलं: 'येथे हौशी गळतील.'

२३ ऑक्टोबर, गुरुवार

मागची खोली ओळखू येत नाही. पडदे नवे, पलंग खिडकीशी, उशाशी दिवा, कारण सासरे झोपण्यापूर्वी वाचतात. खुर्चीशेजारी हिचं शिलाई मशीन तेल घालून ठेवलंय. "हात रिकामे असले की त्यांना करमत नाही." माझे गठ्ठे जिन्याखाली गेले.

सासऱ्यांनी हिच्यासाठी कोट शिवलाय म्हणे. हिने फोनवर माप सांगायला घेतलं तर म्हणाले, "माझ्या लेकीचं माप मला दुसऱ्या कुणी सांगायला नको. तुला सांगायचाही अधिकार नाही."

ही खूप हसली. मग आरशासमोर बाजूने उभी राहून स्वतःकडे बघत बसली. अकरा वर्षांत कमरेचं काय होतं ते शिंप्याला काय सांगायचं.

आज फोनवर बराच वेळ होती. शेवटी म्हणाली, "दहातले सात आले की झालं. तुम्ही घाबरू नका."

कुणाची तरी परीक्षा दिसते. बहिणीच्या मुलाची असेल.

२४ ऑक्टोबर, शुक्रवार

नीट लिहितो. क्रमाने.

बसगाड्या दुपारी तीनला स्टेडियमच्या मागच्या वाहनतळात यायच्या होत्या. आम्ही दोनलाच गेलो. हिने कोट घातला नव्हता, वारा होता तरी. "नवाच घालून घरी जाईन." कठड्याशी नातेवाइकांची गर्दी: हातांत फुलं, पाट्या, एका बाईच्या हातात नुसती घडी घातलेली चादर.

साडेचारला बसगाड्या आल्या. ऐंशी येणार होत्या. मी मोजल्या: सव्वीस. त्याही अर्ध्या रिकाम्या.

एक जाडशी बाई उतरली आणि उतरल्या उतरल्या बहिणीच्या गळ्यात पडायच्या आधी ओरडली, "ज्या मेल्याने तो पेपर काढला ना, त्याला माझ्यासमोर आणा!"

"कसला पेपर?" मी विचारलं.

"फाटकावर परीक्षा घेतात! आठवडाभर आधी नुसती चिठ्ठी पाठवली! फुटबॉलची! दहा प्रश्न. नापास झालात तर त्याच बसने घरी. माझे मिस्टर परत गेले. तीस वर्षं सामने बघतायत! तो थ्रो-इनचा प्रश्न, स्वतःच्याच गोलमध्ये म्हणे. अहो, कोण टाकतं स्वतःच्या गोलमध्ये?"

"सातवा," मी म्हटलं.

"हो, सातवाच. तुम्हाला कसं ठाऊक?"

ही माझ्याकडे बघत नव्हती. बसच्या दारांकडे बघत होती. शेवटच्या बसमधून चालक उतरला आणि त्याने दार ओढून घेतलं, तेव्हा हिचा फोन वाजला. फाटकाजवळच्या टपरीवरून सासरे बोलत होते. त्यांना मोठ्याने बोलायची सवय, मशीनच्या आवाजामुळे. मला शब्द न् शब्द ऐकू आला.

"सहा आले गं. एक कमी पडला. सातवा. तू सांगितलं होतंस तेच म्हटलं मी, गोल-किक. तो हसला. म्हणाला, आजोबा, हौशी दिसता."

"बाबा, पुन्हा विचारा म्हणावं."

"विचारलं. तीन तास उभा होतो, कोट हातावर घेऊन. कोट तरी पाठवा म्हटलं. प्रेक्षकाचं सामान प्रेक्षकाबरोबरच, म्हणाले. असू दे. बस निघतेय. जावईबापूंना नमस्कार सांग. त्यांचा लेख वाचला मी. जाळीचा विनोद चांगला होता."

हिने फोन पिशवीत ठेवला. पिशवीची चेन लावली.

"गोल-किक म्हणाला होतास."

"परपक्षाच्या गोलमध्ये गेला तर. स्वतःच्यात गेला तर कॉर्नर."

"मी 'नेहमी?' असं विचारलं होतं."

"तू कशासाठी विचारतेस ते सांगितलं नव्हतंस! परीक्षा आहे हे मला का नाही सांगितलंस?"

ही पहिल्यांदाच माझ्याकडे वळली. दुकानात ती गिऱ्हाइकाकडे बघते तशी, एका डोळ्याकडून दुसऱ्याकडे. "सांगितलं असतं तर रविवारी छापलं असतंस," ती म्हणाली.

घरी पायी आलो. ती चार पावलं पुढे. पेपर कुणी काढला ते मी सांगितलं नाही. सांगायला वाव नव्हता असंही नाही. वाट पाऊण तासाची आहे.

२५ ऑक्टोबर, शनिवार

०-०. पलीकडच्यांसाठीच्या स्टँडमध्ये खुर्च्याच खुर्च्या. आपल्या लोकांनी घोषणा दिल्या: "कुठे गेले, कुठे गेले!" साठाव्या मिनिटाला आपल्या बदली खेळाडूने थ्रो-इन केला आणि मी खुर्चीतून अर्धा उठलो. काही झालं नाही. चेंडू पुन्हा बाहेर गेला.

ही दुकानात गेली होती. शनिवारी सुट्टी असते.

२७ ऑक्टोबर, सोमवार

कचेरीतून आलो तर टेबलावर मंडळाचं पाकीट, उघडलेलं. आभारपत्र. "आपण परिश्रमपूर्वक तयार केलेल्या प्रश्नावलीमुळे सीमेवर तीन हजार तीनशे अप्रामाणिक प्रेक्षकांस रोखणे शक्य झाले." सोबत माझे तीस प्रश्न साभार परत, माझ्याच अक्षरात. सातव्याखाली कंसातली ओळ. तिच्याखाली कुणीतरी लाल शाईने 'उत्तम!' लिहिलंय.

मी स्वयंपाकघराच्या दारात जाऊन उभा राहिलो. बोलायला घेतलं, की मला वाटलं पुस्तिकेसाठी आहे, बक्षिसासाठी, खरंच. ही भांडी विसळत होती. नळ बंद केला नाही.

"मला खरंच ठाऊक नव्हतं गं."

"तेव्हासुद्धा मी म्हटलं होतं, काढ," ती म्हणाली.

तेव्हा म्हणजे लेखाच्या वेळी. तिला ठाऊक होतं तर. संपादकांनी ठेवला नव्हता हे. मला वाटतं, तिला रविवारपासूनच ठाऊक होतं, आणि तरीही ती मला साखरेच्या डब्याबद्दल विचारत राहिली, कारण घरात विचारायला मी एकटाच होतो.

३ नोव्हेंबर, सोमवार

परतीचा सामना जाहीर झाला. डिसेंबरात, पलीकडे. आपल्या चार हजार प्रेक्षकांना तिकडे जायचे पास. "बरोबरी म्हणून आता तेही आपल्या लोकांची परीक्षा घेणार," अग्रलेख खूश होऊन म्हणाले. "लिहा! या खेपेला तर आणखी धार लावा."

लिहिला. दोन्ही संघ, दुखापती, मागचे निकाल, हवामान. अग्रलेखांनी वाचून पान उलटून पाहिलं, मागे काही आहे का म्हणून.

"तब्येत बरी आहे ना तुमची?"

१६ नोव्हेंबर, रविवार

हिने पाससाठी अर्ज केलाय. मला सांगितलं नाही. पत्त्याच्या पुराव्यासाठी विजेचं बिल शोधत होती त्यावरून कळलं.

मागच्या खोलीत झोपते हल्ली. पलंग खिडकीशी आहे, उशाशी दिवा आहे. नियमांचं पुस्तक आणलंय, अधिकृत, दोनशे पानांचं. मंडळाने माझे तीस प्रश्न परत पाठवले होते तेही त्यात खुणेला घातलेत.

मी सकाळी चहा घेऊन गेलो. म्हटलं, "काही अडलं तर विचार. पुस्तकात सगळं नसतं."

"पुस्तकात आहे ते बरोबर आहे," ती म्हणाली. चहा घेतला.

दुपारी जिन्याखालून एक जुना अंक काढायला गेलो होतो. वर येताना तिच्या दाराशी थबकलो. फोन स्पीकरवर होता. सासरे तिकडून प्रश्न विचारत होते, मशीनवर बोलावं तसे ओरडून, आणि ही खिडकीत बसून उत्तरं देत होती. मध्येच मापं चालली होती.

"कमर सांग आता. खरी सांग. कोट उसवून ठेवलाय."

हिने सांगितली. "बरं," सासरे म्हणाले. "आता सातवा. थ्रो-इन. स्वतःच्याच गोलमध्ये."

"कॉर्नर, बाबा."

"नक्की?"

"नक्की."

बरोबर होतं. मी दाराबाहेर हातात अंक धरून उभा होतो, आणि मला कुणी विचारलेलं नव्हतं.